खडकावरचं भातखाचर

"वाच," कार्तुचेची म्हणाली. "तोंड काय पाडतेस? वाच."

सगळ्या गावाची ती चेची, म्हणजे ताई. मी वाचलं. प्रांतसाहेबांचा आदेश दीड पानाचा होता, पण कामाची ओळ एकच. 'कृषी अधिकाऱ्यांच्या अहवालानुसार सदर जमीन भातशेतीची असून लागवडीस योग्य आहे, सबब ती यादीतून वगळण्याचा अर्ज फेटाळण्यात येत आहे.'

"सदर जमीन म्हणजे माझी?"

"तुझीच, चेची."

"ती भातशेतीची?"

"असं लिहिलंय."

ती हसली. माझ्या अर्ज भरायच्या केंद्रात आणखी दोघंजण रेशनकार्डाचे अर्ज घेऊन बसले होते, तेही हसले. मग तिचं हसू एकदम थांबलं आणि टेबलावर तिचा हात असा आदळला की माझा माऊस खाली लोंबकळायला लागला.

"अडतीस वर्षं या गावात लावणी केली मी," ती म्हणाली. "या गावातलं एक खाचर दाखव, जिथे माझे गुडघे बुडाले नाहीत. आणि हा कोण सोम्यागोम्या मला सांगतो, माझी चूल ज्या खडकावर आहे तिथे भात पिकतं?"

आमच्याकडे दोन हजार आठ साली कायदा आला की भातखाचरं बुजवायची नाहीत. चांगला कायदा होता, आजही आहे. त्यासाठी गावोगावच्या भातजमिनींची यादी करायची ठरली. तिला सगळे डेटा बँक म्हणतात. तुमचा सर्व्हे नंबर त्या यादीत असला की घर बांधायचा परवाना मिळत नाही. आमच्या चेंबनचिरा गावाची यादी करताना कुणी चिखलात पाय घातला नाही. जुन्या वह्यांतले नंबर उतरवून घेतले, झालं. नीरकुळी नावाचं पाच एकरांचं खाचर आणि त्याच्या कडेचा जांभ्याचा उंचवटा, दोन्हींचा मूळ नंबर एकच. त्यामुळे खाचराबरोबर खडकही यादीत गेला. त्या खडकावर कार्तुचेचीचे चार सेंट होते, जेमतेम दीड गुंठा. शेतमजुरांच्या झोपड्यांखालची जमीन त्यांच्या नावावर करा, असा कायदा झाला तेव्हा तिच्या सासऱ्याला मिळालेले.

पुराच्या वर्षी झोपडीच्या मातीच्या भिंती बसल्या. नवरा त्याआधीच गेला होता. ती निळ्या ताडपत्रीखाली राहायला लागली. सरकारी योजनेत तिला घर मंजूर झालं, गावभर तिनं ते सांगितलं, आणि पंचायतीनं परवाना नाकारला. नंबर यादीत आहे म्हणाले. यादीतून नंबर काढायचा अर्ज मीच भरून दिला होता. त्याला चौदा महिन्यांनी हे उत्तर आलं.

"चल, रम्लते," ती उठली. "तो कृषी अधिकारी कुठे बसतो?"

कृषी भवनात बिनीशसर फायलींच्या ढिगामागे बसले होते. तिशीतला माणूस, तीन पंचायतींचा कारभार एकट्याकडे. कार्तुचेचीनं खुर्ची ओढली नाही. उभीच राहिली.

"सर, माझ्या जागेवर तुम्ही कधी आला होता?"

"तपासणी झालेली आहे, चेची. अहवालात आहे."

"अहवाल राहू दे. तुमचे पाय कधी आले? समोरून माणूस आला तर मला दिसतो, मागून आला तर कुत्रं भुंकतं."

सरांनी फाईल उघडल्यासारखं केलं. "सर्व्हे नंबर भातजमिनीचा आहे. यात मी काय करणार?"

"जमिनीचा दाखला दिलात की नंबराचा?"

"हे बघा..."

"नाही, तुम्हीच बघा. पुढच्या लावणीला या. रोपं मी देते, वाकायचं कसं ते मी शिकवते. त्या खडकात एक रोप लावून दाखवा. उभं राहिलं तर झोपडी मोडून मी तुमच्या अंगणात राहायला येते."

पलीकडचा कारकून फिस्सकन हसला. सरांचे कान लाल झाले.

"चेची, आवाज कमी करा. हे सरकारी ऑफिस आहे."

"म्हणूनच आत आले. आमच्या आज्याच्या वेळचं देऊळ असतं, तर बाहेरूनच ओरडावं लागलं असतं."

यावर कुणी हसलं नाही. सर म्हणाले, "वरती अपील करा," आणि फोन कानाला लावला. पलीकडे कुणी बोलत असेल असं मला वाटलं नाही.

बसथांब्यावर उभ्या होतो तेव्हा समोरून लाल मातीचे दोन ट्रक गेले. कार्तुचेची त्यांच्याकडे बघून थुंकली.

"त्या मुदलाळीचे. नीरकुळीत ओततोय, पंधरा दिवस झाले. कायदा आहे म्हणता ना? मग हा चोर दिवसाढवळ्या खाचर बुजवतो ते कुणाला दिसत नाही?"

विजयराघवन मुदलाळी, म्हणजे विजयराघवन शेठ, हा आमच्याकडचा मोठा ठेकेदार. दोन हजार पंधरा साली त्यानं नीरकुळी विकत घेतली होती. मी गप्प बसायला हवं होतं. पण इतका वेळ तिच्या शेजारी उभी राहून माझं मन मला खात होतं.

"चोरून नाही, चेची," मी म्हणाले. "परवानगी आहे त्याला. नीरकुळी यादीतून काढलीय. मंगल कार्यालय होणार आहे तिथे."

"काढली? कुणी?"

"याच ऑफिसनं. बिनीशसरांचाच अहवाल आहे. तुझी भातजमीन ठरली त्याच आठवड्यात ती कोरडवाहू ठरली. दोन हजार आठच्या आधीपासून पडीक, असं लिहिलंय."

ती माझ्याकडे बघत राहिली. "तुला काय ठाऊक?"

"अर्ज मीच भरला होता. उपग्रहाचा फोटो जोडला होता, तोही मीच. मे महिन्यातला."

"मे महिन्यातला," ती सावकाश म्हणाली. "कापणी झाल्यावरचा."

"हो."

"म्हणजे माणसाचं डोकं भादरलं त्या दिवशी फोटो काढायचा, आणि खाली लिहायचं, जन्मापासून टकला. आणि तू ते चिकटवून दिलंस, पोरी?"

"माझं काम अर्ज भरायचं आहे, चेची. लोक कागद आणतात, मी..."

"बिनीशसरपण हेच म्हणाला."

बस आली. ती पुढे जाऊन बसली, मला मागे बसावं लागलं. चार दिवस ती माझ्या केंद्रावरून गेली, पण मान वळवली नाही. मला तिचा राग आला होता आणि तो तिचा नव्हता हेही मला कळत होतं.

पाचव्या दिवशी, रविवारी, मी तांदळाच्या पिठाच्या पत्तिरी भाजल्या, डब्यात घातल्या आणि तिच्याकडे गेले. तिचा मुलगा सजीवन आला होता. तो घरं रंगवायची कामं घ्यायचा. बायको ताडपत्रीखाली राहायला तयार नव्हती म्हणून सासुरवाडीला राहायचा. आम्ही खायला बसणार तेवढ्यात खाली गाडी थांबली आणि विजयराघवन मुदलाळी लुंगीसारख्या पांढऱ्या मुंडूचा काठ उचलून खडक चढून वर आला. त्याच्या हातात कागद होता.

"कार्तु, बरी आहेस ना? किती वर्षं झाली, या पावसात अशी राहतेस. बघवत नाही."

"मग बघू नका," ती म्हणाली.

तो हसला. दगडावर बसला. झालं होतं ते असं. गावच्या भातशेतकऱ्यांच्या समितीनं नीरकुळी यादीतून काढण्याविरुद्ध कलेक्टरकडे दाद मागितली होती. ट्रक थांबले होते. सुनावणी पुढच्या महिन्यात. मुदलाळीला साक्षीदार हवा होता, आणि नीरकुळीच्या कडेला चाळीस वर्षं राहिलेलं माणूस गावात एकच होतं.

"तुझी फाईल अडकलीय असं ऐकलं," तो म्हणाला. "त्यात काही नाही गं. आठ दिवसांत आदेश तुझ्या हातात देतो. तू फक्त एवढ्यावर सही कर."

"वाचून दाखवा."

"साधंच आहे..."

"वाचा."

त्यानं वाचलं. "मी, कार्त्यायनी, या भागात शेतमजूर म्हणून काम केले असून, नीरकुळी ही जमीन सन दोन हजार आठच्या आधीपासून पडीक असल्याचे मला व्यक्तिशः माहीत आहे."

"पुन्हा."

त्यानं पुन्हा वाचलं. या खेपेला त्याचा आवाज जरा कमी होता.

"दोन हजार सोळात तुम्ही त्या बांधावर छत्री घेऊन उभे होता," कार्तुचेची म्हणाली. "आम्ही चौदा बायका खाली चिखलात. चहाला बसलो तर तुम्ही ओरडलात, की म्हशीसुद्धा एवढा वेळ रवंथ करत नाहीत. पडीक जमिनीत आम्ही काय करत होतो, मुदलाळी? उवा काढत होतो?"

"जुन्या गोष्टी कशाला..."

"उठा."

"अम्मे," सजीवन मधे पडला, "जरा ऐकून तर घे."

"तू गप्प."

"का गप्प? खाचर त्यांचं, बुजवतील नाहीतर समुद्र करतील. आपलं काय जातं? त्या नीरकुळीनं तुला काय दिलं? कंबर मोडली तुझी. मालक कधी झालीस का तिची? एक सही, आणि डोक्यावर छप्पर येतं. माझी बायको इथे येते. मुलगी शाळेत तुझ्या घरचा पत्ता सांगायला लाजते, ठाऊक आहे?"

हे तिला लागलं. मला दिसलं. ती पत्तिरीच्या डब्याकडे बघत बसली. मुदलाळीनं पेन काढून कागदावर ठेवलं, अगदी हळूच, पाळण्यात मूल ठेवावं तसं.

"माझी जागा खडक आहे," ती शेवटी म्हणाली. "खडक आहे म्हणून ती सुटायला हवी. मी खोटं बोलले म्हणून सुटली, तर मग ती माझी कुठे राहिली? यांनी दिलेली झाली." तिनं पेन उचलून मुदलाळीच्या खिशाला लावलं. "उतरताना जपा. भातखाचर आहे, पाय रुतेल."

मुदलाळी गेला. सजीवनही गेला, न जेवता. जाताना एवढंच म्हणाला, "तू रागातच मरणार." तिनं डबा उघडला, माझ्यासमोर ठेवला आणि म्हणाली, "खा. तुझ्यावरचा राग अजून आहे, पण खा."

दोन दिवसांनी शंकुण्णी मास्तर आले, शेतकरी समितीचे सेक्रेटरी. हात जोडले. "कार्तु, तू नाही म्हणालीस हे कळलं. तूच खरी या मातीची. आता आमच्या बाजूनं साक्ष दे."

मला वाटलं ती लगेच हो म्हणेल. ती मास्तरांवरच उखडली.

"यादी केली तेव्हा समितीत तुम्ही होता ना, मास्तर? माझा खडक यादीत गेला त्या कागदावर तुमची सही आहे. या रम्लतनं दाखवली मला. तेव्हा एकदा वर चढून बघितलंत? खाचराचे मालक तुम्ही, समिती तुमची. ज्या बायकांनी लावणी केली त्यातली एक तरी समितीत आहे? आज गरज पडली तर मी मातीची!"

मास्तरांनी मान खाली घातली. "चुकलं," ते म्हणाले. त्यांच्या वयाच्या आणि त्यांच्या घरच्या माणसानं तिच्यासमोर हा शब्द उच्चारल्याचं मी तरी प्रथमच ऐकलं.

"साक्ष देईन," ती म्हणाली. "तुमच्यासाठी नाही. नीरकुळी पाण्याची जागा आहे म्हणून."

सुनावणीला मी तिच्याबरोबर गेले. कलेक्टर ऑफिसातली लांबट खोली, पंखे जोरात. कलेक्टरबाई तरुण होत्या, चष्मा वर करून ऐकायच्या. मुदलाळीचा वकील मात्र मुरलेला होता.

"नीरकुळीत तुमची मालकी आहे?"

"नाही."

"समितीच्या सभासद आहात?"

"नाही."

"तिथे काम केल्याचा काही कागद? हजेरीपट, पावती?"

"लावणीची पावती देतात का, सर? तुम्ही जेवता त्या भाताची तुमच्याकडे आहे?"

खोलीत खसखस पिकली. बाईंनी पेन वाजवलं. "नीट उत्तर द्या," त्या म्हणाल्या, पण रागानं नाही.

मग कार्तुचेची बोलायला लागली. नीरकुळीच्या ईशान्य कोपऱ्यात खालून झरा फुटतो, तिथे रोप दोन वीत लांब घ्यावं लागतं, नाहीतर बुडतं. दोन हजार बारा साली तिथेच ट्रॅक्टर रुतला आणि दोन दिवस निघाला नाही. तेराला उमा जातीचं बी टाकलं, ते लोळलं, म्हणून चौदाला पुन्हा ज्योती. पुराच्या वर्षी लावणी दोनदा झाली. एकोणीसला शेवटची. वीस साली मुदलाळीनं पश्चिमेचा पाट मुद्दाम बुजवला, पाणी तोडलं आणि म्हणाला, आता पिकत नाही. ती वर्षं मोजत होती आणि प्रत्येक वर्षाला बरोबरीच्या बायकांची नावं सांगत होती. त्यातल्या कितीक मेल्या होत्या.

वकिलानं तिला संपू दिलं. मग विचारलं, "तुमचा स्वतःचा अर्ज याच कृषी अधिकाऱ्यानं फेटाळला, बरोबर?"

"बरोबर."

"म्हणजे त्याच्या अहवालावर तुमचा राग आहे."

"आहे."

"माझ्या अशिलावरही राग आहे."

"आहे."

"मॅडम, साक्षीदार सूडबुद्धीनं..."

"राग आहे म्हणजे खोटं आहे, असं कुठे लिहिलंय?" तिचा आवाज खिडक्यांपर्यंत गेला. "मला राग येतो, कारण मला ठाऊक आहे! ज्याला ठाऊक नाही तो थंड बसतो. माझ्या खडकाला तुम्ही भात म्हणालात, भाताला पडीक म्हणालात, आणि मी शांतपणे सांगायला हवं होतं? लिहा मॅडम, साक्षीदार रागावली होती. खाली हेही लिहा, की अख्ख्या फायलीत खाचरात पाय घातलेली तीच एक होती."

बाईंनी काहीतरी लिहिलं. काय ते मला दिसलं नाही. मागच्या बाकावर बिनीशसर मोबाईलकडे बघत बसले होते. पडदा मात्र काळा होता.

सव्वा महिन्यानं निकाल आला. नीरकुळी पुन्हा यादीत, टाकलेली माती मुदलाळीनं स्वखर्चानं काढावी. गावात फटाके वाजले. मास्तरांनी तिला शाल द्यायचं ठरवलं, तिनं ती घेतली नाही. मुदलाळी हायकोर्टात गेला. मातीला हात लावायला तूर्त मनाई झाली, टाकायला आणि काढायलाही. खाचराचा निम्मा भाग लाल ढिगाऱ्याखाली तसाच राहिला.

तिच्या स्वतःच्या जागेसाठीही आम्ही एर्नाकुलमला हायकोर्टात गेलो. ट्रीसा नावाच्या तरुण वकीलबाई होत्या. त्या म्हणाल्या, "सोपं आहे. शेजारचं खाचर त्यांनी काढलं होतं, मग आमचा खडक का नाही, एवढंच मांडू."

"ते मांडायचं नाही," कार्तुचेची म्हणाली. "ते काढलं हेच चूक होतं. चुकीचा दाखला देऊन मला बरोबर ठरवू नका."

"मुद्दा कमजोर होईल."

"खडक कमजोर आहे का?"

ट्रीसाबाईंनी माझ्याकडे बघितलं. मी खांदे उडवले. मग त्यांनी दुसरं मांडलं. जागेवर कुणी आलं नाही, सासऱ्याला मिळालेल्या झोपडीचा कागद एकोणीसशे बहात्तरचा आहे, चाळीस वर्षांचा फणस उभा आहे. कोर्टाचा आदेश पाऊण पानाचा आला. नकार रद्द, जागेची प्रत्यक्ष पाहणी करा, दोन महिन्यांत ठरवा. खालून वर गेलेलं प्रकरण परत खाली, त्याच टेबलावर.

बिनीशसर टेप घेऊन आले. खडक चढून येईपर्यंत त्यांना धाप लागली. कार्तुचेचीनं त्यांच्या हातात पहार दिली.

"खणा."

"चेची, त्याची गरज नाही. दिसतंय."

"तेव्हा दिसलं नाही. आता खणून बघा."

त्यांनी एक घाव घातला. पहार ठणकन उडाली, हातांना झिणझिण्या आल्या असाव्यात. ते कागदावर लिहू लागले. ती खांद्यावरून बघत उभी होती, वाचता येत नव्हतं तरी. "काय लिहिलंत?" प्रत्येक ओळीला विचारत होती, आणि ते प्रत्येक ओळ वाचून दाखवत होते.

दोन महिन्यांचे सात झाले, पण आदेश आला. यादीतून तिचा नंबर निघाला. पहिल्या अर्जापासून तीन वर्षं. तोवर योजनेतलं मंजूर घर रद्द झालं होतं. मुदतीत परवाना सादर केला नाही, हे कारण. घरांच्या नव्या यादीत तिचा नंबर एकेचाळीसावा.

आदेश न्यायला ती आली त्या दिवशी बिनीशसर कशासाठी तरी माझ्या केंद्रातच होते. तिला बरं वाटावं म्हणून ते म्हणाले, "झालं ना चेची शेवटी मनासारखं?"

"मनासारखं?" तिनं आदेशाची घडी घातली. "माझा खडक तीन वर्षांपूर्वीही खडक होता. तुम्ही मला काही दिलं नाहीत, सर. माझं होतं ते तीन वर्षं ओलीस धरलंत आणि आता सोडलंत. त्याबद्दल आभार मानू?"

"माझ्याकडे तीन पंचायती आहेत, चेची. माणूस एक आहे."

"मुदलाळीचा अहवाल लिहायला तेव्हा तो एक माणूस पुरला होता."

ते बाहेर गेले. ती माझ्याकडे वळली. "रम्लते, आता दुसरा अर्ज लिही. माहिती अधिकाराचा. पहिला अहवाल लिहिला त्या दिवशी तपासणी किती वाजता झाली, कोण कोण हजर होतं. आणि रद्द झालेलं घर कुणाच्या चुकीनं रद्द झालं."

मी लिहिला. उत्तर आलं, 'सदर माहिती अभिलेखात आढळून येत नाही.' तिनं वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करायला लावलं. तेही मी लिहिलं. आता माझ्या केंद्रात कुणी उपग्रहाचा फोटो घेऊन आला, की मी महिना विचारते. दोन गिऱ्हाइकं त्यामुळे दुसरीकडे गेली.

यंदा पावसात नीरकुळीच्या ढिगाऱ्यातली लाल माती वाहून मास्तरांच्या आणि आणखी तिघांच्या खाचरांत उतरली. मालक खाचर कसत नसेल तर कलेक्टर ते दुसऱ्याला कसायला देऊ शकतात; तसा हुकूम घेऊन उरलेल्या निम्म्या भागात समितीनं लावणी करायची ठरवली. कोर्टाची मनाई मातीपुरती होती, भातावर नव्हती. कार्तुचेचीला कुणी बोलावलं नव्हतं. एकसष्ट वर्षांच्या बाईला वाकायला कोण बोलावणार? ती आपणहून गेली. मी बांधावर उभी होते. ती सगळ्यांच्या पुढे, एक हात कंबरेवर टेकून, पायात लाल गाळ आणि समोर मंगल कार्यालयाच्या अर्धवट खांबांच्या, चार पिंजऱ्यांसारख्या गंजलेल्या सळया. ती एक रोप लावत होती आणि त्या सळयांकडे बघून एक शिवी देत होती. बाकीच्या बायका आधी हसल्या, मग त्याही देऊ लागल्या.